दोन वाजताची झोप

“माझ्या बाळापासून लांब हो!”

बोडिल तीन जिने धावत उतरली होती. अंगणातल्या बाबागाडीवर वाकलेली करड्या कोटातली बाई दचकून मागे सरली. “किती गोड आहे,” एवढंच पुटपुटली आणि फाटकातून निघून गेली. किर्स्टन शांत झोपली होती. दुलईचं टोक मात्र उचकटलेलं होतं.

कोपनहेगनमधली बाळं दुपारी उघड्यावरच झोपतात. जर्मन फौजा शहरात येऊन तीन वर्षं झाली तरी त्यात खंड पडला नव्हता. बोडिल फक्त खिडकीतून नजर हलवायची नाही.

संध्याकाळी आयनार घरी आला. तो डेन्मार्कच्या परराष्ट्र खात्यात होता. जर्मनांशी बोलणी करायची, त्यांच्या पंगतीला बसायचं, हेच त्याचं काम. सकाळीच बेकरीवालीने तिला सगळ्यांसमोर विचारलं होतं, “काय बाई, साहेब काल पुन्हा त्यांच्याकडे जेवले म्हणे! लोणी तरी खरं होतं का?” बोडिल मान खाली घालून पाव घेऊन आली होती. नवऱ्याच्या बाजूने बोलायला तिच्याकडे काही नव्हतं.

तिने त्या बाईबद्दल सांगितलं. आयनारचा चेहरा उतरला.

“तिनं काही घेतलं का?”

“घेतलं? म्हणजे? किर्स्टन कशी आहे ते नाही विचारलंस!”

“तसं नाही गं. दमलोय.” तो हात धुवायला गेला.

बोडिल तशीच खाली गेली. बाबागाडी जिन्याखाली उभी होती. तिने गादी उचलली. खाली घडी घातलेला कागद. त्यावर जर्मनमध्ये लिहिलं होतं. जर्मन ती कॉलेजात शिकली होती. ‘शुक्रवार, अटक.’ खाली अकरा नावं. एकही ओळखीचं नव्हतं. अक्षर मात्र आयनारचं होतं.

म्हणजे बेकरीवाली बोलते ते कमीच होतं? आणि ती बाई कोण? जर्मनांची? तिला काहीच उमगेना.

मागे जिन्यावर पावलं वाजली.

“कुणाला देतोयस ही नावं?”

“हळू बोल. यादी जर्मनांची आहे. त्यांच्या टेबलावर पाहिली, पाठ केली, घरी येऊन लिहिली. ती बाई या लोकांना लपवणार आहे.”

“आणि ठेवलीस कुठे, तर माझ्या पोरीखाली?”

“माझ्या मागे माणूस असतो, बोडिल. फोन ते ऐकतात.”

“मग मी नेऊन देते. पत्ता सांग.”

“मला तिचं नावसुद्धा माहीत नाही. तिलाच ही माणसं ठाऊक आहेत.”

“बरं, नुसती गाडी ठेवते. किर्स्टन वर राहील.”

“पहिल्या मजल्यावरचा जर्मन कॅप्टन रोज गाडीत डोकावतो. त्याची मुलगी किर्स्टनएवढीच आहे. गाडी रिकामी दिसली तर त्याला संशय येईल.” आयनार पायरीवर बसला. “आज बुधवार. ती उद्या येईल. पण तू खिडकीत दिसलीस, तर फाटकातूनच परत जाईल.”

 कागद होता तसा ठेवून बोडिलने गादी नीट केली.

गुरुवारी दोन वाजता तिने किर्स्टनला गाडीत निजवलं. कॅप्टन बाहेर पडताना थांबला. गाडीवर वाकला. बोटं नाचवली. “काय बाईसाहेब, आज अजून जाग्या?” म्हणून हसला आणि गेला. बोडिलही हसली. 

ती तीन जिने चढून वर आली. रोजच्या जागी उभी राहिली. खाली किर्स्टनचे डोळे मिटत होते. रस्त्याच्या टोकाला करडा कोट दिसला.

बोडिलने पडदा ओढून घेतला.