काळी एक

"बंद कर रे ती तबकडी," ऑरेलिया म्हणाली. "त्या पोरीचा आवाज मला सोसवत नाही."

ती पोरगी म्हणजे ती स्वतःच, सोळा वर्षांची. बारच्या काउंटरवर, जुन्या प्लेअरवर गरगर फिरत ती अल्सीडला नकार देत होती. गाणंच तसं होतं. अल्सीड विनवायचा, घरी चल. ऑरेलिया म्हणायची, नाही. शेवटचं 'नाही' तर असं वर चढायचं की त्यापायी ट्रेमे वस्तीतल्या दोन पिढ्यांच्या पोरींनी घसे खरवडून घेतले. समुद्रापलीकडे किंग्स्टनमध्येही त्याच्या नकला निघाल्या होत्या.

बाहेर गल्लीतल्या मंडळाचा वर्धापनदिन रंगात आला होता. बँड मिरवत कोपऱ्यापर्यंत पोचला होता. तो थांबला की रस्त्यातल्या मांडवात ऑरेलिया आणि अल्सीड या दोघांनी गायचं होतं, चाळीस वर्षांनी पहिल्यांदा. आणि ऑरेलियाला ते 'नाही' काही केल्या लागत नव्हतं.

खरं तर ते कधीच लागलं नव्हतं. रेकॉर्ड गाजली आणि पहिल्याच कार्यक्रमात तिचा आवाज फाटला. पुढे गावोगाव तेच. लोक म्हणायचे, रेकॉर्डसारखं नाही बुवा. शेवटी तिने अल्सीडला सांगून टाकलं, मला गाण्याचा कंटाळा आलाय. त्याने एका शब्दानेही अडवलं नाही, याचा सल अजून होता.

"मी मागच्या दाराने सटकते," ती म्हणाली. "सांगा, म्हातारीला चक्कर आली."

"थांब, मीही येतो," अल्सीड म्हणाला. "एकदमच दोघांना आली म्हणू."

पियानोवर फर्डिनांड होता. रेकॉर्डवरचा पियानो त्याचाच. पण रेकॉर्ड बाजारात यायच्या आधीच तो फौजेत गेला, आणि नंतर जन्मभर कॅलिफोर्नियात टपाल वाटत राहिला. नोकरी संपवून नुकताच गावी परतला होता. आपल्याच रेकॉर्डबरोबर पियानोवर बसायची त्याची ही पहिलीच वेळ. तो एकेक पट्टी दाबून पाहत होता आणि त्याच्या कपाळावर आठ्या पडत होत्या.

"ही काळी एकमध्ये वाजतेय," तो म्हणाला.

"मग? आम्ही काळी एकमध्येच गायचो," ऑरेलिया म्हणाली. "सगळं जग काळी एकमध्येच गातं हे."

"जग गात असेल. मी नाही वाजवलं."

"पियानो उतरला असेल," अल्सीड म्हणाला.

"परवाच लावलाय. अगं बाई, मला तेव्हा काळ्या पट्ट्यांवर बोटं तरी ठेवता येत होती का? आठव जरा! तूच चिडवायचीस, फर्डिनांड काळ्याला शिवत नाही म्हणून. त्याखालची पांढरी एक सोडून मला काही म्हणजे काही येत नव्हतं."

तबकडीवरची पोरगी 'नाही, नाही' करतच होती.

"त्या रेकॉर्ड कंपनीच्या मालकाने टेप जास्त वेगाने पळवली," अल्सीड हळूच म्हणाला. "आपण आणखी लहान वाटावं म्हणून. बदमाश!"

फर्डिनांड उठला. त्याने फिरत्या तबकडीच्या कडेला बोट अलगद टेकवलं. गाणं जड झालं, जरा खाली बसलं. आणि त्यातून एक भरीव, किंचित घोगरा आवाज आला, शाळेतून घरी येताना गुणगुणणाऱ्या मुलीचा असतो तसा. ऑरेलियाने काउंटर धरला. हा आवाज ती ओळखत होती. हा तिच्याच घशात होता, तेव्हाही आणि आताही.

"मलाही तो वरचा सूर कधी लागला नाही," अल्सीड खाली बघत म्हणाला. "वाटलं, माझाच गळा गेला. तू सोडते म्हणालीस तेव्हा सुटलो म्हणून मी चर्चमध्ये जाऊन मेणबत्ती लावली."

"मेल्या! आणि मला वाटलं, तुला मी नकोशी झालेय!"

तिने हातातली पर्स त्याच्या खांद्यावर हाणली. दुसऱ्यांदा हाणताना तिला हसू आवरेना, आणि हसता हसता डोळे वाहू लागले. छातीवर वर्षानुवर्षं ठेवलेला धोंडा कोणी तरी उचलून रस्त्यात फेकून द्यावा, तसं वाटत होतं.

"म्हणजे त्या किंग्स्टनच्या पोरी कोणाची नक्कल करत होत्या रे?"

"टेपच्या मोटरची," फर्डिनांड म्हणाला.

मांडवात पाय ठेवायला जागा नव्हती. फर्डिनांडने पांढरी एक धरली. अल्सीडने विनवायला सुरुवात केली, आणि लोकही सवयीने गाऊ लागले, थेट काळी एकमध्ये. जन्मभर त्यांनी ते तिथूनच उचललं होतं. असा काही कालवा झाला की बँडवाल्यांनी कान झाकले. ऑरेलियाची पाळी आली. क्षणभर ती अडखळली. मग तिने डोळे मिटले आणि आपल्या जागेवरून, आपल्या आवाजात 'नाही' म्हटलं.

पुढे सॉसेज तळणारी एक बाई हातातला चिमटा उगारून गर्दीवर ओरडली, "अरे वर काय कोकलताय? ज्यांचं गाणं ते इथे खाली उभे आहेत!"

लोक हसले, चाचपडले, थोडे गप्प झाले. मग ऑरेलियाचं दुसरं 'नाही' आलं, आणि तिच्या पाठोपाठ अख्खी गल्ली अर्धा सूर खाली उतरली.