किलोबाइटचा एक गुण

प्रेमलाच्या आसन क्रमांकापुढे एकोणचाळीस होते. पास व्हायला चाळीस लागत. तिने यादीवर बोट ठेवून ओळ दोनदा वाचली, मग पर्समधून चष्मा काढून तिसऱ्यांदा वाचली.

"एका मार्काने गेले हो."

तिच्या नवऱ्याने, रामदासने, तिची पर्स हातात घेतली. मंडईवरून जाताना तिने भाजीही घेतली नाही.

पंचवीस वर्षं ती सरकारी कचेरीत टायपिस्ट होती. टाइपरायटर भंगारात गेले आणि परिपत्रक आलं, कॉम्प्युटरची परीक्षा पास झाल्याशिवाय बढती नाही. रामदास वाघोलीच्या कॉलेजात कॉम्प्युटर शिकवायचा. त्यानेच तिचा अभ्यास घेतला होता. निकालानंतर तिला आवक-जावकच्या टेबलावर बसवलं. कागदांवर शिक्के मारता मारता ती खंगत गेली. जूनमध्ये दवाखान्यात ठेवलं, तेव्हा तिने एकच विचारलं.

"अहो, ते किलोबाइटचं उत्तर चुकलं होतं का हो माझं? गाइडात हजार चोवीस दिलंय. तुम्ही हजार शिकवलं होतं."

"बघतो मी," तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी ती गेली.

फेरतपासणीच्या अर्जासाठी रामदास परीक्षा कार्यालयात पाचव्यांदा आला, तेव्हा खिडकीतल्या रुकसाना शेखने त्याला पाहून मान हलवली.

"या सर. त्या बाकावर आता तुमचं नावच घालून घेते."

"अर्जाचं काय झालं?"

"तुमचं म्हणणं पुन्हा सांगा. साहेबांना टिपण द्यायचंय."

"किलो म्हणजे हजारच. किलोमीटर, किलोग्रॅम, सगळीकडे हजार. हजार चोवीस बाइटला किबीबाइट म्हणायचं, असं चार वर्षांपूर्वी, अठ्ठ्याण्णव साली जगात ठरलंय. तिने दोन्ही आकडे लिहिले होते. हजाराखाली दुहेरी रेघ मारली होती."

"आमच्या नमुना उत्तरात हजार चोवीसच आहे."

"नमुना जुना आहे."

"असेल. पण उत्तरपत्रिका आम्ही कोणालाच दाखवत नाही. रेघ तुम्हाला कुठे दिसली?"

रामदासने रुमालाने कपाळ पुसलं. "तिची सवय होती ती. लग्नापासून."

रुकसानाने पेन खाली ठेवलं. आवाज जरा उतरला.

"खरं सांगू? साहेबांना पटलंय. गुण द्यायला ते तयार आहेत. अडलंय ते परीक्षकापाशी. दोनदा खुलाशाचा फॉर्म पाठवला, उत्तर नाही. कोण आहे ते आम्हालाही कळत नाही. गोपनीय शाखेतून पाकीट परस्पर जातं."

"हं."

"मोठं काही लिहायचं नसतं हो. परीक्षार्थी ओळखीचा नव्हता, एवढं सांगायचं आणि सही. ओळखीचा निघाला तर पेपरच रद्द, सगळे गुण शून्य. पण इतक्या गठ्ठ्यात ओळखीचं कोण निघणार? एका मिनिटाचं काम, आणि हा माणूस सात महिने बसून आहे."

"अवघड जात असेल त्याला."

"तुम्ही त्याचीच बाजू घ्या आता! बाई जीवानिशी गेली, त्याला आहे का काही? निगरगट्ट मेला. समोर आला असता तर चांगलं सुनावलं असतं मी."

"सुनावायलाच हवं," रामदास म्हणाला.

"तिसरा फॉर्म आज लावून देते. महिनाअखेरपर्यंत आला तर ठीक. नाही तर फाइल बंद होईल, सर. मग मीसुद्धा काही करू शकणार नाही."

त्याने नमस्कार केला. जिन्यात दोन पायऱ्या उतरून परत आला आणि म्हणाला, "तिच्या नावापुढे उत्तीर्ण लागायला हवं. मी सांगितलंय तिला."

"कळतंय मला," रुकसाना म्हणाली.

चार दिवसांनी पोस्टमनने रजिस्टर पाकीट आणून दिलं. रामदासने ते फोडलं, फॉर्म टेबलावर सरळ केला आणि पेनाचं टोपण काढलं. वर टाइप केलं होतं : परीक्षकाचे नाव – श्री. रामदास ओव्हाळ. खाली एकच प्रश्न होता : उत्तरपत्रिका तपासताना अक्षरावरून अथवा अन्य खुणेवरून परीक्षार्थी आपणांस ओळखू आला होता काय? त्यापुढे दोन चौकोन होते, होय आणि नाही. महिनाअखेर होऊन गेली. दोन्ही चौकोन अजून कोरे आहेत.