आखाडाची मरळ

आश्रुबानं गळाला बेडकी टोचली आणि दोरी फिरवायला हात उचलला, तेवढ्यात पाण्यातून पोरीचं डोकं वर आलं.

"मामा, थांबा! टाकू नका!"

पाण्यातल्या माशांचं चित्रण करायला बीडहून आलेली स्वप्नाली ही. आश्रुबा सकाळपासून तिला बघत होता. पावसानं दडी मारल्यामुळं वडवणीच्या पुढचं हे तळं निवळलं होतं, आणि ही पोर तोंडात नळी धरून, काचेच्या डब्यात घातलेला कॅमेरा घेऊन पाण्यात पालथी पडली होती.

"कावून थांबू?" आश्रुबा म्हणाला. "आखाड सरायच्या आत जावयाला जेवू घालायचंय. त्यो लाल डाग दिसतोय का पाण्यावर? त्याच्या खालीच मरळ आसती. गळ टाकला की झेप घेतीच. माझा बापबी आसाच धरायचा."

"झेप कशासाठी घेते, ते बघितलंय कधी?"

"वरून काय दिसतंय, बाई."

स्वप्नाली काठाशी आली. डोळ्यांवरचा मास्क काढून तिनं त्याच्यापुढं धरला. "एकदा बघा. मग खुशाल टाका गळ. मी आडवी येणार नाही."

आश्रुबा हसला. पण गळ दगडाखाली ठेवून, टोपी काढून तो कमरेएवढ्या पाण्यात उतरला. तिनं मास्क बांधला, नळी तोंडात दिली. त्यानं दबकत तोंड पाण्यात घातलं.

जन्मभर त्यानं या तळ्यावर म्हशी पाजल्या होत्या. वरून मळकट हिरवं दिसणारं पाणी आत उजेडानं भरलेलं होतं. आणि मधोमध तो लाल डाग. डाग नव्हताच तो. पिल्लं होती. ज्वारीच्या दाण्याएवढी, कुंकवाच्या रंगाची, मोजता न येणारी. सगळी मिळून वर जायची, हवेचा घोट घ्यायची, खाली यायची. त्यांच्या बरोबर खाली मरळ उभी. हातभर लांब, काळी, नुसते कल्ले हलवत. पलीकडं तिचा जोडीदार.

आश्रुबाचा हात नकळत पुढं गेला. पिल्लं पांगली. मरळ पळाली नाही. ती सरळ त्याच्या तोंडावर आली आणि काचेवर आदळली.

तो धडपडत उभा राहिला. नळी सुटली, नाकातोंडात पाणी गेलं.

"लागलं का, मामा?"

त्यानं नुसती मान हलवली.

"येवढ्या मोठ्या माणसावर..." तो म्हणाला. "माझ्यावर आली की गं ती!"

आणि परत पाण्यात वाकला.

दुपार कलताना त्याची बायको रतनबाई हाका मारत काठावर आली. त्यानं चरायला सोडलेल्या म्हशी शेजारच्या भारतच्या मकेत शिरल्या होत्या.

"आवं! जावई येऊन बसलेत की! मासा कुठंय?"

पाण्यावर आश्रुबाची नुसती पाठ दिसत होती. हाक ऐकून त्याचा एक हात वर आला, आणि पाळण्यातलं लेकरू नुकतंच निजलं असताना दारातल्या माणसाला करतात, तसा हळूच हलला.