तळघरातली हजेरी

"हे 'हजर' कोणाच्या अक्षरातलं?" न्यायाधिकरणात सरकारी वकिलांनी मस्टर पुढे सरकवलं.

"माझ्याच," मोहरीलबाई म्हणाल्या.

समोर उपसंचालकपदावर बाईंइतकाच हक्क सांगणारे खासनीस बसले होते. नोकरीला बाईंच्या तीन महिने आधी लागलेले, पण अजून तिशीतलेच. शीतनिद्रा योजनेत कचेरीच्या तळघरातल्या पेटीत ते तीस वर्षं झोपले होते; ती वर्षं वयात धरायची नाहीत, असा नियमच होता. तेवढ्या काळात बाईंनी चार दुष्काळ, दोन पूर आणि अकरा साहेब निभावले. रोज सकाळी तळघरात उतरून पेटीचं तापमान बघायचं आणि खासनिसांच्या नावापुढे 'हजर' लिहायचं, ही कचेरीची रीतच पडली होती. माणूस इमारतीत आहे, मग गैरहजर कसा लिहायचा?

"म्हणजे सेवा अखंड," न्यायाधीश म्हणाले. "खासनीस ज्येष्ठ. उपसंचालकपद त्यांचंच."

बाईंच्या निवृत्तीला चार दिवस उरले होते.

बाहेर खासनीस हसले. "मोहरीलबाई, राग धरू नका. मला काम तेवढं शिकवून जा."

"शिकवते की!" बाईंचा आवाज जिन्यापर्यंत गेला. "हे चार दिवस मी त्या पेटीत झोपते. तुम्ही रोज खाली उतरा आणि माझ्या नावापुढे 'हजर' लिहा. पहिला धडा तोच!"