रिकाम्या स्टुलावरचा फोकस

कॅमेऱ्याकडे बघून मी महिनाभर रोज सकाळी विचारलं, "मी नेमकी कोण आहे?" माहितीपट माझ्यावरच होता, म्हणून युनिटही मी एकटीच. फोकस लावायचा आणि पळत येऊन स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसायचं. मागे आई भाजी निवडायची.

महोत्सवाला पाठवण्याआधी काल फुटेज मोठ्या पडद्यावर लावलं. तीसही दिवस मी धूसर. फोकस लावताना स्टूल रिकामं असायचं आणि तो मागे आईवर जायचा, हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. मागे मेथीचं पान न् पान स्पष्ट दिसत होतं, आणि आई माझ्या प्रश्नाला दर वेळी काहीतरी पुटपुटत होती.

मी आवाज वाढवला. पहिल्या दिवशी म्हणाली, "बापासारखी हट्टी." तिसाव्या दिवशी तिनं जुडी खाली ठेवली.

"उपाशी आहेस. आधी खाऊन घे, मग विचार."