कमानीच्या फांद्या

"इसाक कुठाय?" टोर्बोर्गने विचारलं.

एइलर्ट दारातच थबकला. अंगणात बँड वाजत होता, नगराध्यक्ष घाम पुसत भाषणाचा कागद चाळत होते, आणि अख्खं बंदर तिच्या कुंपणाला लटकलं होतं. तिचा थोरला ध्रुवावर नॉर्वेचा झेंडा रोवून आला होता. टेबलावर तिने सायीच्या लापशीचे दोन वाडगे मांडले होते. थोरल्याचा एक, त्याच्याबरोबर गेलेल्या धाकट्याचा एक.

"दार लोटू का, आई?"

"कशाला? झाकण्यासारखं काही आहे?"

त्याने दार लोटलं. "इसाक गेला."

टोर्बोर्ग लापशीवर लोणी सोडत होती. ती सोडतच राहिली. रडू येईल म्हणून थोडी थांबली. आलं नाही. तिने दुसऱ्या वाडग्यावर ताटली झाकली.

"तारेत तर नुसतं पोहोचलो म्हणून लिहिलंस."

"तार वर्तमानपत्रासाठी होती. त्यांना तेवढंच हवं होतं."

"आणि तुला?"

त्याने खुर्ची ओढली, पण बसला नाही.

"कुठे ठेवलंस त्याला?"

"तंबूत. पाय काळे पडले होते त्याचे, चालवेना. तोच म्हणाला, तू हो पुढे."

"लहानपणापासून तेच म्हणायचा. आणि तू व्हायचास."

"ध्रुव हाकेच्या अंतरावर होता, आई. परत आलो तेव्हा..."

"लापशी खा. गार होतेय."

तिने चुलीजवळची कुऱ्हाड उचलली आणि बाहेर आली. फाटकावर शेजाऱ्यांनी सूचिपर्णी स्प्रूसच्या ताज्या फांद्यांची कमान उभारली होती, वर कागदी फुलं. टोर्बोर्गने खालची फांदी ओढून काढली. मग दुसरी.

"अगं टोर्बोर्ग, वेड लागलं का तुला?" शेजारची ओसे धावत आली. "सकाळपासून खपलोय आम्ही त्या कमानीवर."

"तुमचे कष्ट वाया जायचे नाहीत, ओसे. फांद्या त्याच लागतात."

ती पायरीवर बसली आणि फांद्या बारीक तोडू लागली. ओसेचा हात तोंडावर गेला. स्प्रूस उभा बांधला तर स्वागत. बारीक तोडून उंबऱ्यापासून फाटकापर्यंत पसरला तर त्या घरात मयत झालंय, हे त्या किनाऱ्यावर शेंबड्या पोरालाही कळतं. कुंपणावरचे लोक खाली उतरले. बँड एकेक वाद्याने बंद पडत गेला. ढोलवाला पाठमोरा होता, त्याला सगळ्यात उशिरा समजलं.

एइलर्ट बाहेर आला. "आई, आत्ता नको. ही माणसं जाऊ देत, मग करू." आवाज खाली आणून तो म्हणाला, "राजधानीचे लोक आलेत."

टोर्बोर्गने मान वर केली नाही. तोडलेल्या डहाळ्यांचा भारा उचलला आणि त्याच्याकडे केला.

"रिकाम्या हातांनी आलास ना? धर."

त्याने धरला. तिने वर आणखी एक ठेवला, हनुवटीला टेकेपर्यंत, आणि स्वतःचा एप्रन भरून उंबऱ्यापासून पसरायला सुरुवात केली.

नगराध्यक्षांनी हॅट काढली. मग राजधानीच्या लोकांनी, मग बँडवाल्यांनी. सगळं अंगण उघड्या डोक्यांनी उभं राहिलं. एइलर्टच्याच डोक्यावर तेवढी टोपी राहिली. ती काढायला त्याचा हात मोकळा नव्हता.