सातवं कापड

गेल्या सोमवारी सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी उर्से गावाबाहेरच्या जुन्या दगडखाणीत कॅमेरा सुरू झाला. साठ वर्षांपूर्वी इथे दरड कोसळून मजूर मेले होते. त्यावरच्या पुस्तकाचा हा चित्रपट. पुस्तकात मेलेले सहा.

"सात व्हते. सातवा माजा बाप, जानू," शालनबाई दिग्दर्शकाला म्हणाल्या. "पुस्तकवाला आमच्या वस्तीत आलाच न्हाई. तुमी तरी घ्या."

"मावशी, पुस्तकात नाही तो मी कुठून आणू?"

सहा नट पांढऱ्या कापडांखाली झोपले. प्रेताचं काम करणाऱ्यानं शॉट संपल्यावर कॅमेऱ्याकडे बघून हसायचं असतं, म्हणजे अपशकुन टळतो. सहाही जण उठून हसले.

मॉनिटरवर सातवं कापड तसंच पडून होतं. खाणीत त्या जागी नुसती खडी होती.

"पुसून टाका," दिग्दर्शक म्हणाला. संगणकावर ते पुसलं गेलं.

काल दुपारी संकलकानं तेच दृश्य पुन्हा उघडलं. सातवा उठून बसला आहे आणि कॅमेऱ्याकडे बघतो आहे. हसत नाही.

ओळख पटवायला शालनबाईंना अजून कोणी बोलावलेलं नाही.